पन्हळ कोणाची?

मंडळी, आमंत्रणपत्रिकेवर माझा विषय 'गोव्याचा नागरी कायदा आणि एकत्र कुटुंब' असा छापलाय. त्यावर मी बोलणार आहेच. पण आधी तुम्हाला आमच्या छपरावर चढावं लागेल.

आमचं घर फोंडा तालुक्यातलं, राजांगणाचं. तुमच्यातल्या निम्म्यांची मूळ घरं तशीच असणार, म्हणून वर्णन करत बसत नाही. मध्ये उघडं अंगण, त्यात तुळस, चार बाजूंना चार छपरं, चारी आत उतरलेली. आजोबांनी चार मुलग्यांना एकेक बाजू दिली. कागद केला नाही. वसरीवर बसून हात दाखवला, 'हें तुजें, हें ताजें', म्हणजे हे तुझं, हे त्याचं, झाली वाटणी. पुढे चार चुली झाल्या, भिंतीवर विजेचे चार मीटर आले. पाववाला पोदेर आला की चार ठिकाणी पाव मोजून देतो. चूल वेगळी झाली म्हणजे कुटुंब मोडलं असं जे म्हणतात, त्यांनी एकदा चवथीला, म्हणजे गणेश चतुर्थीला, आमच्याकडे यावं. झोपायला जागा मिळणार नाही.

आता पन्हळ. दोन उतरती छपरं कोपऱ्यात जिथे मिळतात, तिथे पाणी वाहून न्यायला पन्हळ असते. मे महिन्यात शाकारणी काढली की प्रत्येक भाऊ आपली कौलं परतणार, कुजलेली रीप बदलणार, माकडांनी फोडलेल्या कौलांचा हिशेब मांडणार. कोपऱ्यापाशी आला की गडी विचारणार, 'आणि हें?' उत्तर ठरलेलं, 'तें ताजें.' पलीकडच्या छपरावरचा गडीही त्याच्या मालकाला तेच विचारत असायचा. इथल्या पावसाळ्यात सुमारे ३००० मिलिमीटर पाऊस पडतो, आणि तो मालकी बघून पडत नाही.

त्यात आमचा गळका कोपरा नेमका देवघरावर. आजी म्हणायची, देवांना अभिषेक होतो, त्यात वाईट काय! एका वर्षी आम्ही देवांवर छत्री धरली होती. हसू नका, चांगली मोठी काळी छत्री होती.

मग वडिलांचे थोरले भाऊ, आमचे बाप्पा, यांनी आपल्या बाजूची कौलं उतरवून स्लॅब घातला. स्लॅब उंच झाला आणि त्यांचं सगळं पाणी आमच्या कौलांवर आलं. दोघा भावांचं बोलणं बंद. बंद म्हणजे माझ्यामार्फत चालू. तीन हातांवर वडील बसलेले असताना बाप्पा मला सांगायचे, 'तुज्या बापायक सांग, पावस लागीं पावलो', म्हणजे पाऊस जवळ आलाय. वडील मला सांगायचे, 'बाप्पाक सांग, हांव केप्पो न्हय', म्हणजे मी बहिरा नाही. मी तेव्हा आठवीत होतो. पुढे शिक्षक झालो, पण इतक्या निष्ठेनं निरोप परत कधी पोचवले नाहीत.

त्या चवथीला दोघं एकाच शिडीवर, एक वर, एक खाली, माटोळी, म्हणजे गणपतीवरची फळापानांची चौकट, बांधत होते. ती दरवर्षी दोघांनीच बांधायची. तेवढ्यात वरून थेंब पडला, थेट माटोळीच्या सुपारीच्या घडावर. दोघांनी वर पाहिलं. कोणी काही बोललं नाही. विसर्जनाच्या दुसऱ्या दिवशी दोघांनीही आपापला माणूस पाठवला. एकानं डावीकडून पत्रा ठोकला, दुसऱ्यानं उजवीकडून. मध्ये दोन बोटं फट राहिली. थेंब पूर्वीच्याच जागी, फक्त आता पत्र्यावरून येताना आवाज करायला लागला.

अध्यक्षांची चिठ्ठी आली, 'पाच मिनिटं'. बरं, कायदा.

पोर्तुगीज नागरी संहिता १८६७ ची, आपल्याकडे १८७० पासून. मुलगा असो, मुलगी असो, वाटा सारखा. आईबापांना मृत्युपत्रानं फार तर निम्मं आपल्या मर्जीनं देता येतं, उरलेलं निम्मं मुलांचंच. लग्नाआधी वेगळा करार नसेल तर नवराबायकोची मालमत्ता सामाईक, म्हणजे विक्रीला दोघांच्या सह्या. वारशाचा २०१२ चा कायदा २०१६ पासून अमलात आला, इन्व्हेंटरी, म्हणजे वारशाच्या मालमत्तेची कोर्टामार्फत यादी आणि वाटणी, त्यातही आहेच.

याचा आमच्या घरापुरता अर्थ काय? आजोबांच्या त्या हाताला किंमत शून्य. शिवाय त्यांना दोन मुली होत्या, त्यांना छप्पर दाखवलंच नव्हतं. कायद्यानं पन्हळ आत्यांचीसुद्धा आहे, आणि चारी छपरंही! आज घर विकायचं तर एकतीस सह्या लागतील, त्यातल्या पाच लिस्बन आणि लंडनमध्ये.

इन्व्हेंटरी केली तर वारसांतच बोली लागते. जास्त बोलेल त्यानं घर घ्यायचं, बाकीच्यांना त्यांच्या वाट्याचे पैसे द्यायचे. तसं झालं की पन्हळीला एक मालक मिळेल आणि बाकीचे चवथीला पाहुणे म्हणून येतील. म्हणून आमच्याकडे कोणी अर्ज करत नाही. माझं म्हणणं एवढंच, आणि ते वकील मंडळींना आवडणार नाही: आपल्याकडची निम्मी मूळ घरं प्रेमावर उभी नाहीत, न केलेल्या इन्व्हेंटरीवर उभी आहेत. यावर अजून बरंच बोलायचं होतं, पण घड्याळ दिसतंय.

यंदा मे महिन्यात त्या कोपऱ्यात अखंड पत्र्याची नवी पन्हळ बसवली. पैसे मी घातलेत. चुलतभावांना अजून सांगितलेलं नाही. चवथीला सांगेन, सगळे शिडीवर असताना.