बांगड्याची कढी, फोडणीशिवाय

(पहाट. दोर ओढणाऱ्यांची रांग. काही क्षण फक्त समुद्राचा आवाज, मग निवेदन.)

मालवणच्या किनाऱ्यावर रापण, म्हणजे वाळूवरून ओढायचं मोठं जाळं, ओढायला माणसं लागतात, आणि ती वाडीतलीच असतात. होडी जाळं घेऊन पाण्यात शिरते, अर्धगोल फिरते आणि लांबवर दुसऱ्या टोकाला पुन्हा वाळूला लागते. मग दोन टोकांचे दोर दोन टोळ्यांच्या हातात येतात. इथे इंजिन नाही. पाय वाळूत रुतवायचे, अंग मागे टाकायचं आणि सगळ्यांनी एका लयीत ओढायचं. मागे पोचलेला माणूस दोर सोडतो, पळत पाण्यापर्यंत येतो आणि पुन्हा पहिल्या जागी हात घालतो.

बघत राहा. घाई फक्त शेवटी होते.

(जाळ्याचा फुगलेला मधला भाग. उसळणारे मासे. आवाज वाढवणे.)

बांगडा. पाठीवर निळसर हिरवी झाक, त्यावर काळसर रेघा, खाली चकाकतं पोट. पावसाळा सरला की याच्या झुंडी किनाऱ्याकडे सरकतात आणि रापणीला काम मिळतं. वाळूवरच वाटे पडतात. जाळ्याचा वाटा, होडीचा वाटा, ओढणाऱ्या हातांचा वाटा. ज्याने दोर धरला तो रिकाम्या हाताने घरी जात नाही.

2023 मध्ये महाराष्ट्राने पापलेटला राज्यमासा केलं. मान पापलेटला मिळो. या किनाऱ्यावरचं रोजचं जेवण बांगड्यावर निघतं.

2016 मध्ये राज्य सरकारने पर्ससीन, म्हणजे माशांची झुंड चहूबाजूंनी घेरणाऱ्या मोठ्या जाळ्यांवर बंधनं आणली, 2017 मध्ये केंद्राने एलईडी दिव्यांच्या उजेडातली मासेमारी बंद केली. तरी रापणीत पूर्वीसारखी मासळी लागत नाही, असं दोर ओढणारे सांगतात.

(घराचं मागचं अंगण. आडाळी, म्हणजे विळी. कढी करणाऱ्या काकींचे हात.)

बांगडा साफ करायला अवघड नाही. खवलं बारीक आणि मऊ, हाताखाली निघून जातात. कल्ले काढायचे, पोट चिरून आतलं सगळं बाहेर, आणि पोटाच्या आत जो काळा पातळ पापुद्रा असतो तो बोटाने घासून धुवायचा. तो राहिला की कडवटपणा राहतो. काकी आडाळीवर बसून एका बांगड्याचे दोन तुकडे करतात. मोठा असेल तर तीन. डोकी टाकायची नाहीत. कढीला, म्हणजे माशाच्या या नारळाच्या रश्श्याला, चव डोक्यातून येते, आणि डोकं चोखणारं एक माणूस प्रत्येक घरात असतंच.

ताजा मासा डोळ्यांवरून कळतो. डोळे स्वच्छ आणि फुगीर, कल्ले लाल, आणि अंगावर बोट दाबलं तर खळगा राहत नाही. बांगड्याच्या बाबतीत हे नुसतं चवीचं प्रकरण नाही. हा मासा बर्फाशिवाय गरम हवेत पडून राहिला की त्याच्या मांसात हिस्टामिन तयार होतं, अंगावर पित्त उठतं, आणि कितीही उकळलं तरी ते जात नाही. संशय आला की घ्यायचा नाही.

तुकड्यांना मीठ चोळून ठेवलं. आता नारळ.

(नारळ फोडण्याचा आवाज. आडाळीच्या खवणीवर खोबरं पडताना, अगदी जवळून. हा शॉट कापू नये.)

चार माणसांना चार-पाच बांगडे आणि अर्ध्या नारळाचं खोबरं. ओलं, आत्ता खवलेलं. वाटी हलक्या हाताने फिरवायची, पांढरं तेवढंच खाली पडू द्यायचं. करवंटीपर्यंत खरवडलं की तपकिरी साल येते आणि कढीचा रंग मळतो.

हे खोबरं भाजायचं नाही. या फिल्ममध्ये एकच गोष्ट दोनदा सांगायची झाली तर ती ही. गेल्या काही वर्षांत ‘मालवणी’ पाटी लावलेल्या हॉटेलांनी सगळ्या माशांना एकाच तपकिरी रश्श्यात बुडवलं आहे. कांदा-खोबरं काळपट भाजलेलं, वर गरम मसाला, वर तेलाचा तवंग. ते वाटप, म्हणजे वाटलेला मसाला, खोटं नाही. ते मालवणातलंच आहे, पण ते कोंबडीचं आहे, मटणाचं आहे, काळ्या वाटाण्याच्या सांबाऱ्याचं आहे. ज्या मासळीला समुद्रातून येऊन अर्धा दिवसही झाला नाही, तिला एवढा मसाला लागत नाही. रोजच्या कढीत तेल नाही, फोडणी नाही, परतणं नाही. म्हणून तर ती झटपट होते. पाहुणा मुंबईहून येतो, हॉटेलात जेवतो, आणि जी कढी या किनाऱ्यावर रोज होते ती न चाखताच परत जातो.

(पाटा. भिजलेल्या मिरच्या. वरवंटा.)

सहा-सात बेडगी मिरच्या, गरम पाण्यात दहा मिनिटं भिजवलेल्या. बेडगी रंग देते, तिखट बेताचं. ज्यांना झणझणीत हवं ते एखादी लवंगी घालतात. चमचाभर धणे, चार मिरी, पाव चमचा हळद, लसणीच्या दोन-तीन पाकळ्या, कच्च्या कांद्याची एक फोड. आणि खोबरं.

मिरची ही इथली नव्हे. सोळाव्या शतकात ती पोर्तुगीजांबरोबर या किनाऱ्याला लागली. त्याआधी तिखटपणाचं काम मिरी करत होती, आणि वाटपातले हे चार दाणे अजून जागा सोडायला तयार नाहीत.

आधी मिरच्या आणि धणे, मग खोबरं. थोडं थोडं पाणी शिंपडत. वरवंटा पुढे जातो, परत येतो, वाटप गोळा होतं, पुन्हा पसरतं. काकी बोटांच्या चिमटीत घेऊन बघतात. कण लागत असेल तर अजून एक फेरा. वाटप गंधासारखं उतरलं पाहिजे.

(मिक्सर. आवाज कमी ठेवावा.)

मिक्सर याच घरात आहे आणि रोज वापरला जातो, हेही दाखवायला हवं. कॅमेरा आला म्हणून पाटा धुऊन पुसून बाहेर काढला, असं काकीच हसत सांगतात. मिक्सरमध्ये पाणी कमी घालायचं आणि थांबत थांबत फिरवायचं, म्हणजे भांडं तापत नाही. डब्यातलं नारळाचं दूध वापरून रस्सा होतो, पण तो वेगळा होतो. वाटपात खोबऱ्याचा चोथाही असतो, त्याने कढीला अंग येतं. नुसत्या दुधाला ते अंग नसतं.

(तिरफळाचं झाड. खोडावरचे काटे. झुबके.)

आता या कढीचा खरा मालक. तिरफळ.

झाड उंच, खोडावर जाड शंकूसारखे काटे, त्यामुळे चढणं हे काम सगळ्यांचं नाही. हिरव्या फळांचे झुबके लागतात. फळ वाळलं की टरफल आपोआप उकलतं आणि आत काळं चकचकीत बी दिसतं. बी फेकायचं, टरफल ठेवायचं. चीनमधल्या सिचुआन प्रांताच्या स्वयंपाकात जी जिभेला झिणझिण्या आणणारी मिरी असते, ती याच कुळातली, याची जवळची नातलग. मिरची समुद्रावरून आली. तिरफळ सह्याद्रीच्या या उतारावरचंच आहे.

तेलकट मासा आणि तिरफळ हे ठरलेलं लग्न. बांगडा, तारली, पेडवे. कोळंबीला कोणी तिरफळ घालत नाही, आणि घातलं तर सासू विचारते.

सहा-सात तिरफळं दगडावर हलकी ठेचायची आणि दोन चमचे पाण्यात टाकून ठेवायची. ही पाट्यावर जायची नाहीत आणि मिक्सरमध्ये तर नाहीच नाही. बारीक झाली की कढी कडू होते.

(जुनं चित्रीकरण, मे महिना: रातांबे, फोडलेली फळं, उन्हात पसरलेली सोलं.)

आणि आंबटाला सोलं, म्हणजे वाळवलेलं कोकम. चिंच घालणारी घरं आहेत, कैरीच्या दिवसांत कैरी घालतात. या घरात सोलं. उन्हाळ्यात रातांबा पिकतो. फळ फोडून बी आणि गर वेगळा करतात, सालं त्याच फळाच्या रसात बुडवून उन्हात टाकतात. वाळली की पुन्हा रस, पुन्हा ऊन. असं करत करत साल काळी, लवचिक होते. अंगणभर ही पसरण असते आणि एक डोळा आभाळाकडे. वळवाचा पाऊस आला की अख्खं घर अंगणात धावतं. सिंधुदुर्ग आणि रत्नागिरीच्या कोकमाला 2016 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं.

आंबटाचं काम चवीपुरतं नाही. माशाला जो वास येतो तो अमाईन नावाच्या द्रव्यांचा, आणि आम्ल त्यांना बांधून टाकतं. काकींना रसायनशास्त्र नको आहे. त्यांचा हिशेब साधा आहे: सोलं कमी पडली की घरभर वास येतो.

(गॅसवर टोप. वाफ.)

आता घड्याळ लावा.

वाटप टोपात. पाटा धुतलेलं पाणीही त्यातच, ते टाकणं हा गुन्हा. दोन वाट्या पाणी, मीठ. मध्यम आचेवर ठेवायचं आणि कढ येईपर्यंत ढवळत राहायचं. खोबऱ्याचा रस्सा आहे, सोडून गेलं की तळाशी बसतो. सोडला आणि खळाखळा उकळला तर फुटतो, पाणी वेगळं आणि खोबरं वेगळं. रंग बघा. आधी फिकट नारिंगी, कच्च्या मिरचीचा. पाच-सात मिनिटांत तो गडद होतो आणि कच्चा वास जातो. तेवढं झाल्याशिवाय मासा आत जात नाही.

आता चार-पाच सोलं, ठेचलेली तिरफळं पाण्यासकट, आणि मग बांगडे. एकेक तुकडा, एकावर एक न चढवता.

(पळी बाजूला ठेवलेली. फडक्याने धरलेला टोप.)

इथून पुढे पळी नाही. मासा पडला की टोप फडक्याने धरायचा आणि गोल हलवायचा. रस्सा आपणहून तुकड्यांवरून फिरतो. पळी घातली की मासा मोडतो, काटे रश्श्यात सुटतात आणि जेवताना प्रत्येक घास चाचपून खावा लागतो.

आच मंद. पाच मिनिटं, मोठा बांगडा असेल तर सात. माशाच्या मांसाला मटणासारखं शिजत ठेवावं लागत नाही. मांस पांढरं झालं, काट्यापासून सैल झालं, की झालं. जास्त वेळ ठेवलेला बांगडा कोरडा पडतो आणि मग लोक म्हणतात बांगडाच चांगला नव्हता. झाकण ठेवायचं ते अर्धवट.

(काकी थेंबभर कढी तळहातावर घेऊन चाखतात. निवेदन नाही. त्यांचा आवाज आहे तसा ठेवावा.)

गॅस बंद. पण लगेच वाढायचं नाही. दहा मिनिटं टोप तसाच. तिरफळ आणि सोलं या वेळात उतरतात. उकळताना जेवढं देत नाहीत तेवढं आता देतात.

(पान. उकडा भात, कढी, कांदा, बाजूला तळलेला एक तुकडा.)

खाली उकडा भात, जाड आणि लालसर. वर कढी. ती भातावर थांबायला हवी, भातातून पळून जाता कामा नये. पानाच्या कडेला तिरफळं काढून ठेवलेली दिसतील. ती खायची नसतात. मुलं एकदा चावून बघतात आणि जीभ बधिर झाली की परत नाव घेत नाहीत.

(किनारा, वर ओढलेल्या होड्या, पाऊस.)

1 जून ते 31 जुलै यांत्रिक मासेमारी बंद असते, तेव्हा सुका बांगडा.

(पुन्हा स्वयंपाकघर.)

जे किनाऱ्यापासून लांब आहेत त्यांच्यासाठी. कढी तीच राहते, मासा बदलला की वेळ बदलते. सुरमईचे जाड काप असतील तर आठ-नऊ मिनिटं लागतात. पापलेट नाजूक, त्याला चार पुरतात, आणि तिरफळ नको. कोळंबी वाकली आणि गुलाबी झाली की उतरवायची. बर्फातला मासा आणला तर तो फ्रीजमध्ये सावकाश सुटू द्यायचा, सुटलेलं पाणी टाकून द्यायचं आणि सोलं एक-दोन जास्त घालायची. तिरफळ शहरात कोकणी सामानाच्या दुकानात मिळतं. डबा उघडल्यावर वास आला नाही तर ते जुनं आहे, घालून उपयोग नाही.

आणि अंदाज थोडा जास्तच ठेवा. उरलेली कढी निवल्यावर लगेच फ्रीजमध्ये ठेवायची. दुसऱ्या दिवशी ती घट्ट होते, आंबट-तिखट एकमेकांत मुरतं. सकाळी मंद आचेवर गरम केली की घावन्याबरोबर तीच लागते, आणि ती खायला घरातलं माणूस न उठवता उठतं. म्हणून काकी चार माणसांच्या कढीला नारळ मोजतात तो सहा माणसांचा.