के. के. महाजन : सही न ठेवणारा कॅमेरामन

लॉ कॉलेज रोडवरचं हे फाटक. पुणेकर रोज इथून जातात, ट्रॅफिकवर वैतागतात, आत बघत मात्र नाहीत. आत पूर्वी प्रभात स्टुडिओ होता, १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट आहे. गुरदासपूरचा एक मुलगा इथे छायाचित्रण शिकला आणि १९६६ साली बाहेर पडला. के. के. महाजन.

पुढच्या तीन-चार वर्षांत त्यांनी तीन चित्रपट केले. मृणाल सेन यांचा 'भुवन शोम', बासू चटर्जींचा 'सारा आकाश' आणि मणी कौल यांचा 'उसकी रोटी'. पैसा सरकारी फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनचा, म्हणजे बेताचाच. सेट उभारायची ऐपत नव्हती, म्हणून कॅमेरा थेट जागेवर गेला. 'भुवन शोम'मध्ये सौराष्ट्रातल्या वाळूवरचं डोळे दिपवणारं ऊन. 'सारा आकाश'मध्ये आग्र्यातलं जुनं घर. नवराबायको एका छपराखाली, पण बोलणं नाही. त्या घरातला अंधार मला त्यांच्या अबोल्यासारखाच वाटतो.

'उसकी रोटी'पाशी जरा थांबू. बालो बसच्या थांब्यावर उभी आहे. नवरा बस चालवतो, त्याची रोटी तिच्या हातात. बस येत नाही. चित्रपट मुख्यतः दोनच लेन्सवर बेतलेला आहे, २८ आणि ७५ मिलिमीटर. २८ लावली की जवळचा हात आणि दूरचं शेत, दोन्ही स्पष्ट. ७५ लावली की चेहरा तेवढा धारदार, मागचं सगळं विरघळलेलं. कौल यांनी आधी एक लेन्स घडणाऱ्या गोष्टींना दिली, दुसरी बालोच्या मनाला. मग मध्येच अदलाबदल केली. आता ती वाट बघतेय की वाट बघण्याची कल्पना करतेय, आपल्याला कळेनासं होतं. काहींना हा चित्रपट कंटाळवाणा वाटतो. वाटू दे.

१९७२ साली कुमार शहानींच्या 'माया दर्पण'मध्ये महाजन रंगीत चित्रणाकडे वळले. दोनच वर्षांनी बासू चटर्जींचा 'रजनीगंधा'. तिथे प्रयोगाचा मागमूस नाही, साध्या मध्यमवर्गीय खोलीतला साधा दिवस. महाजनांना चार राष्ट्रीय पुरस्कार मिळाले, पण 'हा महाजनांचा शॉट' असं बोट ठेवायला गेलं की फसगत होते. दिग्दर्शक बदलला की त्यांचा हात बदलायचा.

एकदाच ते सापडतात. मृणाल सेन यांचा 'इंटरव्ह्यू', १९७१. कोलकात्याची ट्राम. नायक रणजित मल्लिक अचानक प्रेक्षकांकडे वळतो आणि सांगतो, मी काही स्टार नाही, ही माणसं कॅमेरा घेऊन माझ्या मागे लागली आहेत. कट. आणि समोर, कॅमेऱ्याला डोळा लावलेला एक माणूस.

महाजन.

ते शूट करत राहतात.