‘धरा रे त्याले’ : खुनाच्या अपिलात समान उद्देश

तरुण वकील मित्रमैत्रिणींनो, आज एका छोट्या कलमावर बोलतो. भारतीय दंड संहितेचं कलम ३४, समान उद्देशाचं. १ जुलै २०२४ पासूनच्या गुन्ह्यांना भारतीय न्याय संहितेचं कलम ३(५). या कलमाने वेगळा गुन्हा होत नाही. एकाच्या हातून घडलेल्या कृत्याची जबाबदारी ते, उद्देश वाटून घेतलेल्या सगळ्यांवर टाकतं, आणि खुनात त्याचा अर्थ सगळ्यांना निदान जन्मठेप. म्हणून मला ते हलक्या हाताने लावलेलं बघवत नाही.

समजा, गिरणाकाठचं एक गाव. केळीच्या पाण्याच्या पाळीवरून भावकीत तंटा. थोरल्याच्या हातात कुऱ्हाड, धाकट्याच्या हातात काठी, पुतण्या रिकाम्या हाताने, आणि ओरडा ऐकून मागाहून पळत आलेला शेजारी. शवविच्छेदनात डोक्यावर एकच खोल वार. फिर्यादीत मात्र वाक्य येतं : ‘सर्वांनी मिळून मारले.’ हे वाक्य तुम्ही शंभर फिर्यादींत वाचलं असेल. ‘सर्वांनी’ हा शब्द फोडून प्रत्येकाच्या नावापुढे त्याचं कृत्य लिहायचं, तिथून अपिलाचं काम सुरू होतं.

१९४५ साली प्रिव्ही कौन्सिलने, म्हणजे इंग्रजी अमदानीतल्या शेवटच्या अपील न्यायालयाने, निकाली काढलेलं महबूब शाह प्रकरण मला फार जवळचं वाटतं, कारण तोही नदीकाठचाच तंटा. सिंधू नदीच्या काठचा बोरू कापून नेण्यावरून वाद झाला. बोरू नेणाऱ्याने एकाला बांबूने मारलं, त्याने हाका मारल्या, आणि बंदुका घेऊन दोघे धावत आले, त्यातला एक महबूब शाह. दुसऱ्याच्या गोळीने तो बोरू नेणारा मेला. महबूब शाहच्या गोळीने वेगळाच माणूस जखमी झाला. खालच्या कोर्टांनी महबूब शाहला खुनात धरलं होतं. प्रिव्ही कौन्सिलने ती शिक्षा रद्द केली. आपल्या माणसाला सोडवायचं, एवढाच दोघांचा मिळून हेतू दिसतो. ठार मारायचं असं दोघांत ठरलेलं दिसत नाही, असं ते म्हणाले. दोघांचा उद्देश सारखा असणं वेगळं आणि तो एकच, वाटून घेतलेला असणं वेगळं. पुढे पांडुरंग विरुद्ध हैदराबाद राज्य या खटल्यात न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांनी हाच धागा पकडला. हल्ल्याआधी आरोपी एकमेकांशी काय बोलले, काय केलं, याचा पुरावाच नव्हता.

याचा अर्थ महिनाभर आधी कट हवा असं नाही. बेत जागच्या जागीही जुळू शकतो. आणि हात न उचलणाराही सुटेलच असं नाही : १९२३ साली कलकत्त्यातल्या पोस्टावर दरोडा पडला, पोस्टमास्तर मारला गेला, बारेंद्रकुमार घोष ‘मी बाहेर उभा होतो’ म्हणाला, तरी त्याची शिक्षा कायम राहिली. सगळे ठरवून आले होते, म्हणून त्याचं उभं राहणं हेही त्या कामातलंच. आपल्या गोष्टीतला शेजारी तसा ठरवून आला होता का? मृताची वाट त्याने अडवली का? का तो नुसता धावला, जसं गावात कोणीही धावतं? नातं आणि हजेरी यांवरून उद्देश ठरत नाही.

अपिलात आणखी एक गाठ पडते. कृष्णा गोविंद पाटील विरुद्ध महाराष्ट्र राज्य, १९६३. चार आरोपी, तिघं निर्दोष, चौथ्याला मात्र कलम ३४ खाली शिक्षा. सर्वोच्च न्यायालयाने विचारलं, मग याने उद्देश वाटून घेतला कोणाबरोबर? साक्षीदार या चौघांखेरीज कोणाचं नावच घेत नव्हते. शिक्षा टिकली नाही. दुसरे अनोळखी साथीदार होते असा पुरावा असता, तर गोष्ट वेगळी.

आता आपल्या मुलखाची अडचण सांगतो. साक्षीदार पिंजऱ्यात अहिराणीत सांगतो : ‘पुतण्या वरडला, धरा रे त्याले!’ त्याची नोंद होते, ‘पुतण्याने मृतास धरण्यास सांगितले’. झालं! पुतण्या उद्देशात आला. पण ‘त्याले’ म्हणजे कोणाला? मृताला, की कुऱ्हाड उगारलेल्या काकाला? आवरायला सांगणारा माणूसही ‘धरा’च म्हणतो. औरंगाबाद खंडपीठापुढे अपील जातं तेव्हा हा साक्षीदार तिथे नसतो. असते ती पेपरबुकातली, म्हणजे अपिलासाठी बांधलेल्या कागदपत्रांतली, इंग्रजी ओळ, आणि तिच्यात ‘त्याले’ उरलेलं नसतं. मला हे अस्वस्थ करतं.

जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम २७७ मध्येही, शक्य असेल तर साक्ष साक्षीदाराच्याच भाषेत उतरवून घेण्याची सोय होती. तेव्हा सरतपासात, म्हणजे सरकारी वकील साक्षीदाराला विचारत असताना, ते शब्द आले की लगेच उठा आणि न्यायाधीशांना विनंती करा, की हेच शब्द जसेच्या तसे नोंदवावेत. मग पोलिसांपुढचा जबाब उघडा. तिथे ही आरोळी नसेल, तर उलटतपासात ती वगळणूक साक्षीदाराच्या तोंडून आणा, आणि तपासी अंमलदाराकडून सिद्ध करून घ्या. ‘त्याले म्हणजे कोणाले?’ हा प्रश्न मात्र उत्तर ठाऊक नसताना बचावाने विचारू नये. तो सरकारी वकिलाने विचारायचा असतो, आणि त्याने विचारला नसेल, तर ती पोकळी अपिलात दाखवता येते.