मामायेव कुर्गान: नकाशावरची १०२ नंबरची टेकडी

हा ड्रोनचा शॉट आधी बघून घ्या, कारण या टेकडीचा विषय निघाला की सगळे हीच बाई दाखवतात. उपसलेली तलवार, उघडं तोंड, मागे वळून कुणाला तरी बोलावतेय. पुतळ्याचं नावच ‘मातृभूमी हाक देतेय’. पायापासून तलवारीच्या टोकापर्यंत ८५ मीटर, १९६७ साली उभा राहिला तेव्हा जगातला सगळ्यात उंच पुतळा. भारी आहे, वादच नाही. पण आपल्याला बघायचीय ती तिच्या पायाखालची माती.

रशियातलं व्होल्गोग्राड, म्हणजे तेव्हाचं स्टालिनग्राड. आपल्या अण्णाभाऊ साठेंनी ज्याच्यावर पोवाडा रचला तेच हे शहर. दुसऱ्या महायुद्धात जर्मन सैन्य ते घ्यायला आलं आणि सोव्हिएत सैन्य ते राखायला लढलं. मामायेव कुर्गान म्हणजे शहराच्या मधोमध असलेला एक उंचवटा, लष्करी नकाशावर त्याला नावसुद्धा नव्हतं, नुसता आकडा, १०२. उंची मीटरमध्ये, बस्स. सह्याद्रीत वाढलेल्या माणसाला ही टेकडीसुद्धा वाटणार नाही. पण माथ्यावर उभं राहिलं की खाली व्होल्गा नदी, मधलं शहर, उत्तरेकडचे कारखाने, सगळं उघडं दिसतं, आणि सोव्हिएत सैन्याला माणसं, दारूगोळा, खाणं, सगळं नदीपलीकडून होड्यांनी आणायला लागत होतं, त्यामुळे माथा ज्याच्या हातात त्याच्या तोफांना नदी मोकळी. एवढं साधं गणित होतं.

१२ सप्टेंबर १९४२ ला जनरल चुइकोव यांनी शहर राखणाऱ्या सोव्हिएत ६२ व्या आर्मीची सूत्रं हातात घेतली तेव्हा त्यांचं मुख्यालय याच टेकडीवर होतं. बॉम्ब आणि तोफांच्या माऱ्यापुढे ते तिथं टिकणं शक्यच नव्हतं, एक-दोन दिवसांत खाली हलवायला लागलं. पाठोपाठ जर्मन माथ्यावर आले. मग रोदिम्त्सेव यांची १३ वी गार्ड्स डिव्हिजन रात्री नदी ओलांडून आली आणि १६ तारखेला माथा परत घेतला, तो पुन्हा गेला, मग पुन्हा झटापट, जानेवारीपर्यंत हेच चालू. माथ्यावर शहराच्या पाण्याच्या काँक्रीटच्या टाक्या होत्या. शांततेच्या काळात ज्यांच्याकडे कुणी ढुंकूनही बघितलं नसतं अशा टाक्या, पण आता जाड भिंतींमुळे त्यांचाच किल्ला झाला आणि त्या घेता घेता माणसं मेली. उतारावर पुढचे महिने तग धरून राहिली ती बत्युक यांची २८४ वी डिव्हिजन. सायबेरियात उभी केलेली, आणि तिचा कमांडर युक्रेनमध्ये जन्मलेला. हे लक्षात ठेवा, शेवटी लागणार आहे.

२६ जानेवारी १९४३ ला पश्चिमेकडून आलेली सोव्हिएत फौज याच टेकडीच्या बाजूला ६२ व्या आर्मीला भेटली, वेढ्यात अडकलेल्या जर्मनांचे दोन तुकडे झाले, २ फेब्रुवारीला लढाई संपली.

आता माती. एका चौरस मीटरमध्ये बॉम्ब-गोळ्यांचे पाचशे ते साडेबाराशे तुकडे. एक चौरस मीटर म्हणजे किती, तर घरातला छोटा पाट ठेवून जेवायला बसायची जागा. त्या वर्षी वसंत आला तरी इथं गवत उगवलं नाही, जमीन काळी ती काळीच. आणि या मातीत माणसंही आहेत, चौतीस हजारांहून जास्त सैनिकांची सामूहिक कबर इथंच आहे.

स्मारकाचं काम १९५९ ला सुरू झालं. मधेच १९६१ ला शहराचं नाव बदललं, म्हणजे काम सुरू झालं स्टालिनग्राडात आणि उद्घाटन झालं व्होल्गोग्राडात, १५ ऑक्टोबर १९६७ ला. शिल्पकार येवगेनी वुचेतिच, इंजिनियर निकोलाय निकितिन, ज्यांनी मॉस्कोचा ओस्तान्किनो टीव्ही टॉवर उभा केला तेच. आणि माझं मत विचाराल तर खरी कमाल निकितिन यांची. हजारो टन काँक्रीटचा हा पुतळा आतून पोकळ आहे, भिंती जेमतेम २५-३० सेंटिमीटर, आत पोलादी केबल ताणून बसवल्यात, आणि पाया आणि पुतळा एकमेकांना जखडलेलेच नाहीत, ती स्वतःच्या वजनावर उभी आहे. तलवारीने मात्र त्रास दिला. पहिली तलवार ३३ मीटरची, टायटॅनियमच्या पत्र्याने मढवलेली, वाऱ्यात तो पत्रा खडखडायचा, शेवटी १९७२ ला बदलून स्टीलची बसवली, वारा आरपार जावा म्हणून भोकं ठेवलेली.

वरपर्यंत जायला २०० पायऱ्या, लढाईच्या २०० दिवसांच्या हिशोबाने. वाटेत उघड्या छातीचा सैनिक, ग्रेनेड उगारलेला, चेहरा बघा, चुइकोव यांच्यासारखाच केलाय. पुढे गोल दालन, मधे मशाल धरलेला हात, भिंतींवर ७,२०० नावं, आणि सतत चालू असलेली एक धून. ती शूमानची आहे. म्हणजे जर्मन संगीतकाराची! १९६७ साली, बाप-भाऊ गमावलेली पिढी जिवंत असताना, कुणीतरी हे निवडलं आणि ते मंजूरही झालं. एवढ्या सगळ्या प्रचंड, छाती फुगवलेल्या कामात मला हीच गोष्ट सगळ्यात धाडसाची वाटते.

चुइकोव पुढे मार्शल झाले. मॉस्कोत क्रेमलिनच्या भिंतीत मानाची जागा सहज मिळाली असती, पण त्यांनी लिहूनच ठेवलं होतं की मला या टेकडीवर पुरा. १९८२ ला तसंच केलं. बत्युक यांच्या डिव्हिजनमधला स्नायपर वासिली झाइत्सेव, त्याचीही हीच इच्छा, पण तो लढाईनंतर युक्रेनच्या कीवमध्ये राहिला, १९९१ मध्ये तिथंच वारला आणि तिथंच पुरला गेला. त्याच वर्षी सोव्हिएत युनियन फुटलं, कीव एका देशात, टेकडी दुसऱ्या देशात. तरी २००६ मध्ये त्याचे अवशेष कीवहून आणून लष्करी इतमामात इथं पुरले. दोन्हीकडच्यांनी मिळून केलेलं काम होतं ते. २०२२ नंतर त्याला आणायचं म्हटलं असतं तर शवपेटी युद्धाच्या आघाडीवरून न्यायला लागली असती.