एक रीळ, एक चेहरा

अंधारात बसलेला एक लहान मुलगा. तो रोखून बघतोय. काय बघतोय, ते आपल्याला दिसत नाही. शेवटपर्यंत दिसणारही नाही.

साल १९७८. लाटव्हिया तेव्हा सोव्हिएत संघात होता. रिगा फिल्म स्टुडिओसाठी दिग्दर्शक हर्त्स फ्रांक यांनी बाहुल्यांचा खेळ पाहायला आलेल्या मुलांकडे कॅमेरा वळवला. 'दहा मिनिटांनी मोठा' असं या कृष्णधवल लघुपटाचं नाव. कॅमेऱ्यामागे होते यूरिस पोडनिएक्स. अख्खा लघुपट एकाच शॉटचा, मध्ये एकही कट नाही.

आज फोनवर तासभर चित्रण करता येतं, म्हणून यातली जोखीम चटकन कळत नाही. ३५ मिलिमीटर फिल्म सेकंदाला २४ फ्रेम, म्हणजे मिनिटाला साधारण २७.४ मीटर पळते. ३०० मीटरचं रीळ अकरा मिनिटांच्या आत संपतं. त्यातही सुरुवातीचा तुकडा कॅमेऱ्यात फिल्म भरतानाच उजेड लागून वाया जातो. सोव्हिएत माहितीपटवाले सर्रास वापरत त्या हलक्या कोन्वास कॅमेऱ्याच्या मॅगझिनमध्ये, म्हणजे फिल्म ठेवायच्या डब्यात, जास्तीत जास्त १२० मीटर फिल्म मावायची, म्हणजे साडेचार मिनिटंही नाहीत. दहा मिनिटं सलग हवीत तर रीळ मोठं लागणार, आणि त्यातला जवळपास प्रत्येक मीटर कामी आला पाहिजे.

बिघडायला कितीतरी जागा. कॅमेऱ्यात फिल्मवर उजेड पडतो त्या चौकटीत, म्हणजे गेटमध्ये, एखादा केस अडकला, तर तो पडद्यावर फ्रेमच्या कडेला वळवळत राहतो. एरवी तो शॉट काढून दुसरा लावता येतो. इथे लावायला दुसरा शॉटच नाही. आणि हे कळणार कधी? निगेटिव्ह धुऊन आल्यावर.

त्याहून छळतो तो फोकस. अंधारात लेन्सचं उजेड आत घेणारं छिद्र मोठं उघडावं लागतं. समजा १०० मिलिमीटरची लेन्स आहे, छिद्राचा आकडा २.८ (आकडा लहान तितकं छिद्र मोठं) आणि मूल चार मीटरवर. तेव्हा स्पष्ट दिसणारा पट्टा जेमतेम २२ सेंटिमीटरचा, एका वितीएवढा. राक्षस आला म्हणून पोर पुढे झुकलं की डोळे धूसर! बरं, ते कधी झुकेल हे आधी सांगणार कोण? उजेड वाढवावा, तर मुलं रंगमंच सोडून दिव्याकडेच बघायला लागतात.

बाहुल्या न दाखवण्याचा निर्णय मात्र तांत्रिक नव्हे, तो दिग्दर्शकाचा. मध्ये एकदा जरी रंगमंच दिसला असता, तरी हा चेहरा निव्वळ 'प्रतिक्रिया' होऊन बसला असता. रंगमंच दिसत नाही, म्हणून मुलाचा ओठ थरथरला की गोष्टीत काय घडलं असेल ते आपणच जुळवू लागतो.

पोडनिएक्स पुढे स्वतः दिग्दर्शक झाले. १९८६ च्या 'तरुण असणं सोपं आहे का?' या माहितीपटात त्यांनी रॉक मैफलीनंतर रेल्वेच्या डब्याची मोडतोड करून न्यायालयात उभे राहिलेले तरुण दाखवले, आणि अफगाणिस्तानातून परतलेले सैनिकही.