राजवाडा तोच का?

(दृश्य: सकाळ. राजवाड्याचा दर्शनी भाग, समोर अहिल्याबाईंचा पुतळा.)

इंदूरच्या राजवाड्यासमोर उभं राहिलं की मान आपोआप वर जाते आणि मजले मोजले जातात. सात. खालचे तीन दगडी, वरचे लाकडी. होळकरांचा अठराव्या शतकातला वाडा, असं आम्ही पाहुण्यांना सांगतो. मग त्यांना आत नेतो आणि तिथे अडखळतो.

1801 साली सर्जेराव घाटग्यांच्या हाताखालच्या शिंद्यांच्या फौजेनं इंदूर लुटलं, वाडाही जाळला. होळकरांनी तो पुन्हा बांधला. 1984 च्या दंगलीत पुन्हा आग लागली. दर्शनी भाग तगला, मागचा गेला. म्हणजे तेव्हा जे जळलं, तेही पहिलं नव्हतंच! पुढे वीसेक वर्षांनी उषादेवी होळकर यांच्या पुढाकारानं मागचा भाग जुन्याच धर्तीवर, दगड, वीट, चुना आणि लाकूड वापरून परत उभा राहिला.

मग हा वाडा तोच का?

(दृश्य: नव्या लाकडी खांबावरची नक्षी, अगदी जवळून.)

अथेन्सच्या लोकांपुढेही हा पेच होता. त्यांचा वीर थिसियस क्रीटहून ज्या तीस वल्ह्यांच्या जहाजातून परतला, ते त्यांनी जपलं. फळी कुजली की काढायची, तिथे नवी बसवायची. ग्रीक चरित्रकार प्लुटार्क सांगतो, यावरून तत्त्वज्ञांत दोन तट पडले: जहाज तेच म्हणणारे आणि ते नव्हेच म्हणणारे. पण वाद घालायला म्हणून ते जहाज ठेवलेलं नव्हतं. दर वर्षी ते डेलॉस बेटाच्या यात्रेला जाई, आणि परत येईपर्यंत शहरात कुणाला देहदंड देत नसत. इ.स.पू. 399 मध्ये सॉक्रेटिसचा विषाचा प्याला लांबला तो याच जहाजाच्या वाटेकडे डोळे लावून. शहरानं जहाज 'तेच' मानलं, म्हणून एका माणसाला मित्रांशी बोलायला आणखी काही दिवस मिळाले. मला या कोड्यातलं सगळ्यात मोलाचं हेच वाटतं.

1655 मध्ये इंग्रज तत्त्वज्ञ हॉब्जनं गाठ आणखी आवळली. काढलेल्या जुन्या फळ्या कुणी साठवून ठेवल्या आणि त्याच क्रमानं जोडल्या, तर खरं जहाज कोणतं? राजवाड्यापुरता हा प्रश्न मिटलाय. जुन्या तुळयांची राख झाली.

आपल्याकडचे नैयायिक, म्हणजे न्यायदर्शनाचे पंडित, याहून कठोर. कापडातला एक धागा निघाला की ते कापड संपलं, उरलं ते दुसरं, असं ते म्हणतात. नागसेन भिक्षूनं मिलिंद राजाला दिव्याचा दाखला दिला. रात्रभर जळणाऱ्या दिव्याची पहिल्या प्रहरातली ज्योत शेवटच्या प्रहरात तीच नसते, पण दिवा काही दुसरा होत नाही. मन नागसेनाकडे ओढ घेतं. तरी खडा टोचतोच: जहाजाची एकेक फळी बदलली, दिवा अखंड जळत राहिला. आमचा मागचा वाडा मात्र वीसेक वर्षं नव्हताच. विझलेली ज्योत तीच कशी म्हणायची?

(दृश्य: मागचा चौक, दुपारचं ऊन.)

त्या मधल्या वर्षांत मी लहान होते. रिक्षावाल्याला 'राजवाडा' सांगितलं की तो निघायचा, जळलेला की उरलेला असं कुणी विचारत नसे. एकदा आजीनं हात धरून मागे नेलं. पडक्या भिंती, वर मोकळं आभाळ. ती बोटानं हवेत दाखवत गेली: हा सज्जा, हा जिना, इथून वर जायचं, डोकं सांभाळ.

मी खरंच मान खाली घातली.

"पाहून राहिलीस ना?" तिनं विचारलं.

(दृश्य: नवा जिना. एक मुलगी वाकून वर जाते.)