गुंडाळीतलं गाव

सांगलीतल्या या वकिलीच्या ऑफिसात सगळ्यात मोठं टेबल विकास योजनेच्या नकाशासाठी राखून ठेवलंय. चार कोपऱ्यांवर कायद्याची जाडजूड पुस्तकं ठेवली की गुंडाळी जागेवर बसते. वकील मॅडम चष्मा कपाळावर सारतात, भिंग उचलतात आणि गटनंबर शोधू लागतात.

पिवळा निवासी. जांभळा औद्योगिक. हिरवा पट्टा शेतीचा. कृष्णेच्या काठानं दोन रेषा, निळी पूररेषा आणि लाल पूररेषा. निळीच्या आत बांधकामाला मनाई, निळी आणि लाल यांच्यामध्ये निर्बंध. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांच्या वर चढलं. त्यानंतर या रेषांत आपलं घर कुठं येतं, ते विचारायला माणसं इथं येऊ लागली.

मॅडमना या कामात तीस वर्षं झाली. सुरुवातीला सीनियर त्यांना कोर्टात न्यायचेच नाहीत. पाठवायचे भूमापन कार्यालयात. सातबारा काढा, मोजणीच्या नकाशाची 'क' प्रत आणा, शिवारात जाऊन हद्दीचे दगड बघून या. आजही केस घेण्याआधी त्या जागेवर जातात. एका बाभळीखालचा हद्दीचा दगड त्यांनीच माती उकरून मोकळा केला.

त्यांची निम्मी वकिली एकाच कलमाभोवती फिरली. १९६६ च्या महाराष्ट्र प्रादेशिक व नगररचना अधिनियमाचं कलम १२७. अंतिम विकास योजना लागू झाल्यापासून १० वर्षांत मैदान, बाग अशा सार्वजनिक कामासाठी आरक्षित जमीन पालिकेनं ताब्यात घेतली नाही, तर मालक नोटीस देऊ शकतो. पुढच्या २४ महिन्यांत संपादनाचं पाऊल पडलं नाही, तर आरक्षण संपतं. पाऊल कशाला म्हणायचं, यावरही वर्षानुवर्षं वाद झाले. २००७ मध्ये गिरनार ट्रेडर्स खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं बहुमतानं ठरवलं, की नुसते ठराव आणि पत्रव्यवहार यांना पाऊल म्हणता येणार नाही. जमीन अडकून पडलेल्या शेतकऱ्याला यातून न्याय मिळाला, आणि तो मिळायलाच हवा होता. पालिका झोपून राहिली तिथं मुलांची मैदानं मात्र गेली.

म्हणून हल्ली मॅडम वस्त्यांमधून बैठका घेत फिरतात. बंगळुरूत बागेची जागा खासगी इस्पितळाला दिली होती. तिथले रहिवासी लढले, आणि १९९१ मध्ये सर्वोच्च न्यायालयानं बाग वाचवली. ही गोष्ट त्या प्रत्येक बैठकीत सांगतात.

पूर्वी हीच गुंडाळी घेऊन रात्रीची महालक्ष्मी एक्स्प्रेस धरायची, सकाळी मुंबई हायकोर्ट. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात हायकोर्टाचंच सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ, बसतंय. आता एसटी पुरते.

पण खरी वेळ कोर्टाच्या आधीच असते. प्रारूप योजना, म्हणजे विकास योजनेचा मसुदा, प्रसिद्ध झाली की हरकतींना ३० दिवस. पूर्वी ६० असायचे. या मुदतीत एका कागदावर, आपल्या सहीनं, कुणीही हरकत घेऊ शकतं. वकील लागत नाही. हे त्या स्वतःच सांगतात, फी न घेता.

आज नियोजन समितीपुढं अशाच हरकतींची सुनावणी आहे. बाहेर बाकावर हातात पिशवी घेऊन बसलेल्या आजोबांना नकाशात आपलं शेत सापडत नाहीये. मॅडम त्यांचं बोट धरतात आणि ओढ्यापासून सुरुवात करतात.

"हा बघा आबा, तुमचा बांध."